लॉगिन चालू, आयात बंद : रावेर तालुक्यातल्या एका केळी कंपनीचं प्रकरण

पार्श्वभूमी

रावेर तालुक्यात तापीकाठच्या काही गावांतल्या केळी उत्पादकांनी मिळून काढलेली ही शेतकरी उत्पादक कंपनी. ओळख पटू नये म्हणून गावांची, माणसांची नावं दिलेली नाहीत आणि निष्कर्षाला धक्का न लावणारे काही तपशील बदलले आहेत. माझा संबंध बाहेरचा सल्लागार म्हणून, तोही घोळ सुरू झाल्यावर.

कंपनीचं काम सरळ आहे. सभासदांचा माल एकत्र करून व्यापाऱ्यांना आणि निर्यातीच्या पॅकहाऊसना द्यायचा. सकाळी बागेत घड उतरतात, गाडी काट्यावर जाते, वजन होतं आणि त्या दिवसाच्या भावाने हिशोबपट्टी निघते. भावासाठी सगळ्यांचे कान रावेर आणि बऱ्हाणपूर या दोन्हीकडे असतात. सीमा राज्याची असली तरी केळीच्या भावाला ती दिसत नाही. माल तयार झाला की थांबता येत नाही, आणि मे-जूनच्या वादळाच्या धाकाने तर कोणी थांबतही नाही. त्यामुळे वजन आणि भाव दोन दिवस उशिरा कळले की सभासद कार्यालयात येऊन बसतात.

हा ताण कमी व्हावा म्हणून कंपनीने जळगावच्या दोन तरुणांकडून एक वेब ॲप करून घेतलं. सभासदाने मोबाइलवर उघडायचं आणि आपल्या बागेचं वजन, भाव, मजुरी-तोलाईची कपात आणि जमा झालेली रक्कम बघायची. पॅकहाऊसचे आणि व्यापाऱ्यांचे सुपरवायझर रोज संध्याकाळी वजनाची एक्सेल फाइल कार्यालयाच्या जीमेलवर पाठवत. ॲप दर तासाला त्या मेलपेटीत डोकावून फाइल उचलायचं.

डोकावायचं कसं, हा प्रश्न सुरुवातीला कोणाला मोठा वाटला नाही. हिशोब बघणाऱ्या ताईंच्या जीमेल खात्यावर सोळा अक्षरांचा 'ॲप पासवर्ड' तयार केला आणि तो सर्व्हरवरच्या एका फाइलमध्ये लिहून ठेवला. तसं करायलाही कारण होतं. खात्याचा साधा पासवर्ड घेऊन बाहेरच्या प्रोग्रॅमला मेल वाचू देण्याची जुनी पद्धत गूगलने वैयक्तिक खात्यांसाठी ३० मे २०२२ पासून बंद केली होती, आणि द्विस्तरीय पडताळणी चालू करून ॲप पासवर्ड घेणं हा सर्वांत कमी कष्टाचा रस्ता उरला होता. त्याच पेटीत बँकेची विवरणं येत, जीएसटीचे निरोप येत, लेखापरीक्षकाशी झालेला सगळा पत्रव्यवहार पडलेला असे. वजनाची फाइल वाचायला दिलेली परवानगी या सगळ्यालाही लागू होती.

अडचण

कापणी ऐन भरात असताना ताईंना एक संशयास्पद एसएमएस आला. त्यांनी शहाण्या माणसाने करावं तेच केलं, खात्याचा पासवर्ड बदलला. खात्याचा पासवर्ड बदलला की त्या खात्याचे सगळे ॲप पासवर्ड रद्द होतात. आयात थांबली आणि दुसऱ्या दिवशी सभासदांच्या स्क्रीनवर कालचंच वजन राहिलं.

"भाऊ, पासवर्ड माझा, बदलला मी. त्यात तुमचं कायले बंद पडलं?" ताईंचा प्रश्न रास्त होता. त्याचं खरं उत्तर देताना विकसकाला सांगावं लागलं की ताईंची मेलपेटी इतके महिने सर्व्हरला पूर्ण उघडी होती. पुढची चौकशी झाल्यावर कळलं की दोन विकसकांपैकी एक जण मधल्या काळात पुण्याला नोकरीला गेला होता आणि ॲप पासवर्ड लिहिलेली ती फाइल त्याच्या लॅपटॉपवर अजूनही होती. त्याने काही केलं नव्हतं. पण त्याने काही केलं असतं तर ते कोणाला कळलं असतं, याचं उत्तर कोणाकडे नव्हतं.

याच चौकशीत दुसरी बाजू उघडी पडली. नऊ ठिकाणचे सुपरवायझर ॲपमध्ये जायला एकच नाव आणि एकच पासवर्ड वापरत. वजनात दुरुस्ती कोणी केली, हे नोंदवहीत दिसायचं ते फक्त 'ॲडमिन' म्हणून.

म्हणजे अडचणी दोन होत्या. ॲपला ताईंच्या वतीने ताईंच्या खात्यातली एक ठरावीक गोष्ट हवी होती, ही पहिली. ॲपसमोर आलेला माणूस कोण, हे ॲपला कळायला हवं होतं, ही दुसरी. पुढचा बराच घोळ या दोन्हींना एकच औषध लावल्यामुळे झाला.

समोर असलेले पर्याय

चेअरमन आप्पांनी तातडीची बैठक फोनवरच घेतली. त्यांचं म्हणणं थोडक्यात होतं : "मले एवढंच सांगा, पट्टी कधी निघीन?"

सर्वांत झटपट पर्याय म्हणजे नवा ॲप पासवर्ड काढून जुन्याच्या जागी टाकणे. पाच मिनिटांचं काम. पण उघड्या पेटीचा प्रश्न तसाच राहिला असता, आणि या वेळी ताई त्याला तयार नव्हत्या.

दुसरा पर्याय सर्व्हिस अकाउंटचा. हे माणसाचं नसून प्रोग्रॅमचं खातं असतं. त्याच्या पत्त्याशी एखादी गूगल शीट शेअर केली की ते ती वाचू शकतं, मध्ये कोणाच्या संमतीची गरज नाही. शीटसाठी हे छान चालतं. पण कोणाच्या साध्या जीमेल पेटीत त्याला शिरता येत नाही. तो अधिकार फक्त पैसे भरून घेतलेल्या वर्कस्पेसमध्ये, म्हणजे गूगलच्या संस्थांसाठीच्या सेवेत, तिथल्या प्रशासकाने दिला तरच मिळतो. माहिती मेलमध्ये होती, म्हणून हा पर्याय बाजूला पडला. माहिती मेलमध्येच का असावी, हे त्या दिवशी कोणी विचारलं नाही.

तिसरा पर्याय ओऑथचा, आणि विकसकाचा कल त्याच्याकडेच होता. ओऑथ २.० हे ऑक्टोबर २०१२ मध्ये आरएफसी ६७४९ म्हणून प्रसिद्ध झालेलं मानक (आरएफसी म्हणजे इंटरनेटच्या मानकांचे क्रमांक दिलेले दस्तऐवज). त्याचा हेतू नेमका ताईंसारख्यांची अडचण सोडवण्याचा : पासवर्ड तिसऱ्याच्या हाती न देता मर्यादित अधिकार देणं. सातबारा आणायला भाच्याला तलाठ्याकडे पाठवताना आपण त्याच्या हाती चिठ्ठी देतो, घराच्या किल्ल्या देत नाही, तसं.

प्रत्यक्षात ते असं चालतं. ॲप ताईंच्या ब्राउझरला गूगलच्या पानावर पाठवतं. पाठवताना सोबत सांगतं की मी अमुक ॲप, मला अमुक एवढाच अधिकार हवा, आणि उत्तर माझ्या अमुक पत्त्यावर परत पाठवा. ताई गूगलच्या पानावर, गूगललाच पासवर्ड देतात. ॲपला तो दिसत नाही. मग गूगल ताईंना विचारतं की हे ॲप हे हे मागतंय, देऊ का? हो म्हटलं की ब्राउझर ॲपच्या पत्त्यावर परततो आणि सोबत एक अल्पायुषी, एकदाच चालणारा कोड आणतो. मानकाची शिफारस अशी की हा कोड दहा मिनिटांपेक्षा जास्त जगू नये. ॲपचा सर्व्हर हा कोड आणि स्वतःचं गुपित (नोंदणी करताना गूगलने ॲपला दिलेला सांकेतिक शब्द) घेऊन, ब्राउझरला मध्ये न घेता, थेट गूगलच्या सर्व्हरशी बोलतो. बदल्यात त्याला दोन टोकन, म्हणजे परवानगीचे सांकेतिक पास, मिळतात. ॲक्सेस टोकन साधारण तासभर चालतं आणि प्रत्यक्ष माहिती त्याच्या बळावर मिळते. रिफ्रेश टोकन दीर्घायुषी असतं. तास संपला की ते दाखवून नवं ॲक्सेस टोकन घ्यायचं, ताई तेव्हा झोपलेल्या असल्या तरी.

कोड आधी ब्राउझरमधून आणि टोकन मागच्या दाराने, हा फेरा उगाच नाही. ब्राउझरच्या पत्त्याच्या पट्टीतून जे जातं ते इतिहासात राहतं, लॉगमध्ये उतरतं, इतर पानांना गळतं. तिथून गेलेला कोड एकट्याने निरुपयोगी असावा, ही त्यामागची योजना. यावरही आणखी एक कुलूप नंतर आलं. २०१५ च्या आरएफसी ७६३६ ने पीकेसीई ही पद्धत आणली. त्यात ॲप सुरुवातीला एक यादृच्छिक मजकूर बनवून त्याचा फक्त हॅश (ज्यावरून मूळ मजकूर काढता येत नाही असा ठसा) पुढे पाठवतं आणि कोड वटवताना मूळ मजकूर दाखवतं. कोड मध्येच कोणी पळवला तरी त्याच्याकडे मूळ मजकूर नसतो. हे मुळात मोबाइल ॲपसाठी होतं. जानेवारी २०२५ च्या आरएफसी ९७०० ने सर्व्हर असलेल्या ॲपनाही त्याची शिफारस केली आहे.

पहिला निर्णय आणि सात दिवसांचं आयुष्य

निर्णय झाला : ओऑथ वापरायचं, जीमेल फक्त वाचण्याचा अधिकार मागायचा, आयात पूर्वीसारखीच मेलमधून. ताईंनी संमती दिली, दुपारपर्यंत थकलेल्या सगळ्या वजनपावत्या आत आल्या. सगळे खूश.

पुढच्या आठवड्यात त्याच वारी आयात बंद पडली. ताईंनी पुन्हा 'गूगलशी जोडा' हे बटण दाबलं, चालू झालं. त्याच्या पुढच्या आठवड्यात पुन्हा तेच. कारणांचे तर्क सुरू झाले. त्या दिवशी गावात लाइट जाते म्हणून. त्या दिवशी निर्यातदाराच्या फाइली मोठ्या येतात म्हणून. एका संचालकांनी सर्व्हरच बदलायचा सल्ला दिला. ॲपमध्ये सुपरवायझरांसाठी नव्याने आणलेलं गूगलवरचं लॉगिन मात्र सगळ्यांचं व्यवस्थित चालू होतं, म्हणून "गूगलकडे काही अडचण नाही, आपल्याकडेच आहे" असा सर्वांचा समज झाला.

मला बोलावलं गेलं ते या टप्प्यावर. आयात करणारा प्रोग्रॅम चूक आली की ती एका ओळीत लिहून ठेवून तासाने पुन्हा प्रयत्न करायचा. त्या ओळी कोणी उघडून पाहिल्या नव्हत्या. तिथे दर वेळी एकच उत्तर होतं : 'इनव्हॅलिड ग्रँट', टोकनची मुदत संपली आहे किंवा ते रद्द झालं आहे. रिफ्रेश टोकन मेलं होतं.

ते मरण्याची कारणं अनेक असतात. वापरकर्ता स्वतः परवानगी काढून घेतो. सहा महिने टोकन वापरलंच जात नाही. एकाच खात्याने एकाच ॲपसाठी मर्यादेपेक्षा जास्त टोकन घेतले की सर्वांत जुनं गुपचूप बाद होतं. इथलं कारण वेगळं होतं. गूगलकडे ॲपची नोंदणी करताना प्रसिद्धीची स्थिती 'टेस्टिंग' ठेवली होती, आणि बाहेरच्या वापरकर्त्यांसाठी असलेल्या, टेस्टिंगमधल्या ॲपचं रिफ्रेश टोकन सात दिवसांतच संपतं. हा नियम गूगलच्या दस्तऐवजात स्पष्ट लिहिलेला आहे. त्याला एकच अपवाद : ॲपने फक्त नाव, ईमेल आणि प्रोफाइल एवढंच मागितलं असेल तर ही सात दिवसांची मुदत लागू होत नाही. आमचं ॲप त्याहून जास्त मागत होतं, म्हणून हा अपवाद इथे नव्हता. पण साइन इन एकदा झालं की पुढचं काम ॲपचं स्वतःचं सत्र (लॉगिन लक्षात ठेवण्याची सोय) सांभाळतं, त्याला गूगलचं टोकन पुन्हा लागत नाही. म्हणून लॉगिन शाबूत आणि आयात बंद. ज्या गोष्टीने सगळ्यांची दिशाभूल केली, तीच खरी खूण होती.

मग स्थिती 'प्रॉडक्शन' करून टाकायची का? विकसक तेच करायला निघाला होता. इथे थांबणं गरजेचं होतं. मेल वाचण्याचा अधिकार गूगलच्या वर्गवारीत 'प्रतिबंधित' गटात येतो. त्यासाठी ॲपची पडताळणी लागते, आणि ही माहिती स्वतःच्या सर्व्हरवर आणत असाल तर स्वतंत्र सुरक्षा तपासणी, तीही दरवर्षी. एका तालुक्यातल्या उत्पादक कंपनीने वजनाची फाइल उचलण्यासाठी एवढा खटाटोप करावा, हे मला पटेना.

त्याहून मोठी गोष्ट दुसरीच होती. जीमेलचा अधिकार असलेलं रिफ्रेश टोकन खात्याचा पासवर्ड बदलला की रद्द होतं. म्हणजे ज्या अपघाताने हे सगळं सुरू झालं, तोच अपघात या नव्या व्यवस्थेतही जसाच्या तसा पुन्हा झाला असता. ओऑथ आणून पासवर्ड गळण्याचा धोका नक्की गेला होता, पण आयात थांबण्याचा धोका होता तिथेच राहिला. हे ऐकल्यावर आप्पा म्हणाले, "मंग आपण केलं काय?" बैठकीतला सर्वांत नेमका प्रश्न तोच.

बटण एक, कामं दोन

टोकनचं दुखणं शोधताना साइन इनचा प्रोग्रॅम वाचणं भाग पडलं आणि तिथे गंभीर गोष्ट सापडली.

सामायिक पासवर्ड बंद करायचा म्हणून विकसकाने सुपरवायझरांसाठी 'गूगलने साइन इन' आणलं होतं. हेतू चांगला. पद्धत अशी : ब्राउझरमध्येच गूगलकडून ॲक्सेस टोकन घ्यायचं, ते आपल्या सर्व्हरला पाठवायचं, सर्व्हरने ते गूगलला दाखवून विचारायचं की हे कोणाचं? गूगल ईमेल सांगतं. तो ईमेल सुपरवायझरांच्या यादीत असला की दार उघडायचं.

ऐकायला यात काही चूक वाटत नाही. पण ॲक्सेस टोकन हा अधिकाराचा पुरावा आहे, दारात उभं कोण आहे याचा नाही. समजा तोच सुपरवायझर क्रिकेटचे स्कोअर दाखवणाऱ्या एखाद्या फुकट संकेतस्थळावरही गूगलने साइन इन करतो. त्या संकेतस्थळाच्या मालकाकडे आता त्या सुपरवायझरच्या नावाचं एक अस्सल टोकन आहे. त्याने ते आपल्या सर्व्हरला पाठवलं तर आपला सर्व्हर गूगलला विचारेल, गूगल खरंखरं उत्तर देईल की हो, हे टोकन त्याचंच, आणि आपण त्या परक्या माणसाला वजनं बदलायला आत घेऊ. टोकन कोणाचं, हे विचारलं गेलं. ते कोणत्या ॲपसाठी दिलं गेलं, हे विचारलंच नाही.

ही चूक या एका विकसकाची नाही. ओऑथ २.० आल्यावर लोकांनी ते सर्रास लॉगिनसाठी वापरलं. लॉगिनचं रीतसर मानक, ओपनआयडी कनेक्ट, फेब्रुवारी २०१४ मध्ये अंतिम झालं. ते ओऑथवरच उभं आहे, पण त्यात तिसरं टोकन येतं, आयडी टोकन. त्यात लिहिलेलं असतं : कोणी दिलं, कोणाबद्दल, कोणत्या ॲपसाठी, कधीपर्यंत. त्यावर देणाऱ्याची डिजिटल सही असते. ॲपने स्वतः पाठवलेली एकदाच वापरायची संख्याही त्यात परत येते, म्हणजे जुनं टोकन पुन्हा कोणी खपवू शकत नाही. हे सगळं तपासलं तरच तो ओळखीचा पुरावा. मधल्या वर्षांतली उदाहरणं मात्र अजूनही फिरत असतात आणि घाईत असलेला माणूस जे आधी सापडतं ते उचलतो.

दुसरा मुद्दा ईमेलचा. सुपरवायझर कोण हे ॲप ईमेलवरून ठरवत होतं. मानक सांगतं की खात्याची कायमची खूण म्हणजे आयडी टोकनमधलं 'सब' हे मूल्य, ईमेल नव्हे. ईमेल बदलू शकतो आणि संस्थेच्या स्वतःच्या डोमेनवरचा पत्ता उद्या दुसऱ्या माणसाला दिला जाऊ शकतो. एका पॅकहाऊसमध्ये हेच होणार होतं. जुना सुपरवायझर सोडून चालला होता आणि त्याच पत्त्याचं नवं खातं नव्या माणसाला मिळणार होतं. 'सब' वापरलं की नव्या खात्याला जुने अधिकार आपोआप मिळत नाहीत. अर्थात जुन्या माणसाने खात्याचा पासवर्डच नव्याला सांगून टाकला तर 'सब' तेच राहतं आणि मानकाच्या हातात काही उरत नाही. ते खातं ओळखतं, माणूस नाही. पॅकहाऊसच्या मालकाला हे समजावायला वेळ लागला.

'गूगलशी जोडा' या एकाच बटणामागे ताईंचा मेल वाचण्याचा अधिकार आणि सुपरवायझरांचं साइन इन, दोन्ही कोंबलेलं होतं. त्यामुळे साइन इन करणाऱ्या प्रत्येक सुपरवायझरलाही गूगल विचारत होतं : हे ॲप तुमचे सगळे मेल वाचू इच्छितं, चालेल का? काहींनी हो म्हटलं होतं. त्यांची टोकनं सर्व्हरवर पडून होती, कशालाही न लागणारी.

दुसरा निर्णय : काय बदललं

सर्वांत आधी ही अनावश्यक टोकनं गूगलच्या रद्द करण्याच्या सोयीतून रद्द केली आणि मग पुसली. फक्त आपल्याकडून पुसून भागत नाही. एखाद्या जुन्या बॅकअपमध्ये प्रत असली तर ती जिवंतच राहते.

मग माहितीचा रस्ताच बदलला. मेल मध्ये कशाला हवा? सुपरवायझरने साइन इन करून फाइल थेट ॲपमध्येच टाकायची. ताईंना हिशोब शीटमध्येच लागतो, त्यांची ती सवय मोडायची नव्हती. म्हणून ॲप ताईंच्या ड्राइव्हमध्ये स्वतः एक शीट तयार करतं आणि तीच रोज भरतं. यासाठी पूर्ण ड्राइव्हचा अधिकार लागत नाही. ॲपने स्वतः बनवलेल्या किंवा वापरकर्त्याने निवडून दिलेल्या फाइलींपुरताच चालणारा एक अरुंद अधिकार आहे. तो संवेदनशील गटात मोडत नाही, म्हणून प्रॉडक्शन स्थितीत जायला ती मोठी तपासणी लागली नाही आणि सात दिवसांची कटकटही संपली. जीमेलशी संबंध न राहिल्याने पासवर्ड बदलला म्हणून टोकन मरण्याचं कारणही उरलं नाही.

वर्कस्पेस घेऊन ॲप 'अंतर्गत' ठरवायचा पर्यायही चर्चेत आला होता. त्यात पडताळणी आणि मुदत दोन्ही टळतात. पण अंतर्गत ॲपमध्ये कंपनीच्या डोमेनबाहेरचं कोणी येऊ शकत नाही, आणि सुपरवायझर सगळे व्यापाऱ्यांचे आणि निर्यातदारांचे. शिवाय दर माणशी दरमहा पैसे. संचालकांनी नाही म्हटलं आणि मला ते बरोबर वाटलं.

साइन इन पुन्हा लिहिलं. ब्राउझरमधलं टोकन बंद. कोडचा मार्ग, पीकेसीईसह, सर्व्हरवरून. आयडी टोकनची तपासणी स्वतः लिहिण्याऐवजी नावाजलेल्या लायब्ररीवर (इतरांनी लिहून तपासलेल्या तयार प्रोग्रॅमवर) सोपवली. परतीचा पत्ता अक्षरशः जुळलाच पाहिजे असा नोंदवला, कारण चाचणीसाठी ठेवलेले दोन-तीन सैल पत्ते तसेच राहून गेले होते. दर फेरीला नवं 'स्टेट' मूल्य, जेणेकरून दुसऱ्याने सुरू केलेली फेरी आपल्या ब्राउझरमध्ये कोणी पूर्ण करू नये. ड्राइव्हची संमती ताईंकडूनच, वेगळ्या पानावरून, वेगळ्या वेळी. संमतीच्या पानावर एखाद्या चौकटीत खूण न करताही पुढे जाता येतं, म्हणून परत आल्यावर प्रत्यक्षात काय मिळालं हे ॲप आता बघतं.

सुपरवायझरांसाठी केलेल्या अँड्रॉइड ॲपने मध्येच दगा दिला. ते ॲप म्हणजे संकेतस्थळाला घातलेलं आवरण होतं, आणि अशा आतल्या ब्राउझर-खिडकीतून आलेलं साइन इन गूगल स्वीकारतच नाही, कारण बाहेरच्या ॲपला तिथे टाइप होणारा पासवर्ड वाचता येतो. फोनचा खरा ब्राउझर उघडून परत येण्याची सोय केली. काम अर्ध्या दिवसाचं होतं.

सभासदांचा निर्णय वेगळा झाला. त्यांनाही गूगलने साइन इन द्यावं, असा विकसकाचा आग्रह होता. पण गावागावांत फोनमधलं गूगल खातं दुकानदाराने फोन विकताना बनवून दिलेलं असतं. त्याचा पासवर्ड ना सभासदाला माहीत, ना आता दुकानदाराच्या लक्षात. अशा खात्यावर लॉगिन उभारायचं म्हणजे फोन बदलला की सभासद कायमचा बाहेर. म्हणून त्यांच्यासाठी नोंदवलेल्या मोबाइल नंबरवर ओटीपी ठेवला. सुरक्षेच्या मोजमापात तो कमी भरतो, हे सगळ्यांना सांगूनच. सभासद फक्त स्वतःचा हिशोब बघतो, बदलू शकत नाही, म्हणून तेवढा धोका पत्करला.

परिणाम

केळीच्या कांदेबाग हंगामाच्या पुढच्या कापणीत आयात टोकनमुळे थांबली नाही. वजनात दुरुस्ती झाली की कोणत्या खात्यावरून झाली ते दिसतं, आणि त्यावरून एक जुना वाद मिटलाही. ताईंनी त्यानंतर एकदा पासवर्ड बदलला. काही बंद पडलं नाही. त्यांच्या खात्यातल्या 'जोडलेली ॲप' या पानावर आता कंपनीच्या ॲपसमोर एवढंच दिसतं की त्याला स्वतःच्याच फाइलींना हात लावता येतो. ते पान त्यांना दाखवलं होतं. आता त्या अधूनमधून स्वतःच उघडून बघतात आणि तिथून दोन भलतीच ॲप त्यांनी काढूनही टाकली.

सगळं सुटलं असं नाही. एक मोठा व्यापारी अजून मेलवर पीडीएफच पाठवतो. त्याला कोणी बदलायला सांगू शकत नाही, कारण माल तोच उचलतो. त्याची वजनं ताई हाताने भरतात.

वेगळं काय करता आलं असतं

पहिला निर्णय घाईत झाला, पण घाई खरी होती. त्या दिवशी दोन दिवसांपुरता नवा ॲप पासवर्ड काढून पट्ट्या मोकळ्या करायच्या आणि मग शांतपणे बसायचं, हे करता आलं असतं. तांत्रिकदृष्ट्या 'चुकीचा' तो पर्याय तात्पुरता म्हणून अधिक बरोबर ठरला असता. त्याऐवजी ओऑथ हे नाव आलं म्हणजे प्रश्न सुटला असं धरलं गेलं आणि 'टेस्टिंग' तशीच राहिली.

अधिकार कोणता मागायचा हे ठरवण्याआधी माहिती कुठे असावी हा प्रश्न यायला हवा होता. मेलमधून आयात हे पहिल्या वर्षी सोयीचं होतं म्हणून केलेलं काम. ते जसंच्या तसं धरून त्यावर मानक बसवायला गेल्यावर मानकाने मागितलेली किंमत अवाढव्य निघाली. 'प्रतिबंधित' हा शब्द नोंदणीच्या वेळीच स्क्रीनवर होता. तिथेच थांबून विचारलं असतं तर मधले आठवडे वाचले असते.

चूक आली की तासाने पुन्हा प्रयत्न करणाऱ्या प्रोग्रॅमने काही चुका पुन्हा प्रयत्न करण्याजोग्या नसतात हे ओळखायला हवं. नेट गेलं तर पुन्हा प्रयत्न ठीक. 'इनव्हॅलिड ग्रँट' आल्यावर शंभर वेळा विचारूनही उत्तर तेच येतं. तिथे ताईंच्या फोनवर निरोप जायला हवा की संमती पुन्हा द्या. आता तो जातो.

रिफ्रेश टोकन अजूनही ताईंच्या वैयक्तिक खात्याचं आहे, यावर आमचं एकमत झालेलं नाही. विकसक म्हणतो कंपनीच्या नावाचं वेगळं खातं काढा, कारण ताई उद्या निवृत्त होतील. ताईंचं म्हणणं, कंपनीच्या नावाचं खातं म्हणजे पुन्हा चार जणांकडे एकच पासवर्ड. दोघांचंही खरं आहे. संचालक मंडळाने तो विषय पुढच्या बैठकीवर ठेवला आहे. तोवर शीटची एक प्रत महिन्यातून एकदा लेखापरीक्षकाकडे जाते.